ओंजळ पुढे करताना

वारीचे पहिले दिवस कशामुळे जड जातात? पायांना फोड येतात, पडशी खांद्याला रुतते, हे तर आहेच. पण त्याहून जड असते ते दुसऱ्याच्या हातचे घेणे.

जेथे कीर्तन करावे तेथे द्रव्य घेऊ नये, अन्नही घेऊ नये, हा तुकोबारायांचा दंडक. तो मी आयुष्यभर पाळला. पाळता पाळता 'मी कोणाचे घेत नाही' हा ताठा मनात कधी शिरला, ते कळलेच नाही. नियम होता 'मी' घालवण्यासाठी. त्याच्याच आडोशाला 'मी' पोसला गेला.

एका वर्षी आळंदीहून प्रस्थान झाले, पुण्याचे मुक्काम झाले आणि एकादशीला सासवडची मोठी मजल लागली. दिवे घाट चढता चढता मी दिंडीच्या मागे पडलो. घाटमाथ्यावर एका खोपटापुढे एका म्हातारीने मला हाताला धरून बसवले. कोमट पाण्याने पाय धुतले, तेल चोळले. उपास म्हणून मूठभर शेंगदाणे आणि गुळाचा खडा ओंजळीत ठेवला. उठताना मी दहाची नोट पुढे केली. तिचा चेहराच उतरला. म्हणाली, "माउली, मला काही पंढरीला येणं होत नाही. एवढं तरी तुमच्यासंगं जाऊ द्या की."

मी नोट खिशात घातली आणि खाली बसून शेंगदाणे खाल्ले. लहानपणी आळंदीत शिकताना मी दारोदार माधुकरी मागितली होती. ज्या भाकरीवर ही वाणी वाढली, तिचाच मला विसर पडला होता!

कीर्तनाचे मोल घेणे वेगळे आणि प्रेमाने दिलेला घास घेणे वेगळे. त्या घासाची किंमत देऊ केली, की देणाऱ्याची वारी आपण वाटेतच अडवतो. मात्र फुकट मिळते म्हणून चार ठिकाणी पत्रावळ भरायची आणि अन्न टाकून द्यायचे, हेही घेणे नव्हे. भुकेपुरते घ्यावे, घेताना मान लवावी.

मग हे ऋण फिटायचे कसे? ते फेडायचे नसतेच, माउली, पुढे न्यायचे असते. त्या वर्षी पंढरपुरात कळसाला हात जोडले, तेव्हा आधी तिचा नमस्कार सांगितला, मग माझा. यंदा तुमच्या ओंजळीत कोणी काही ठेवले, तर त्याचा नमस्कार पांडुरंगाला पोचवायला विसरू नका.