पुसलेला चेहरा

नोव्हेंबर २०२३ मध्ये अभिनेत्री रश्मिका मंदाना यांची म्हणून एक छोटी चित्रफीत मोबाइलवरून देशभर फिरली. लिफ्टमध्ये शिरणारी ती स्त्री वास्तविक रश्मिका नव्हतीच. ब्रिटनमधील भारतीय वंशाच्या एका तरुणीने ऑक्टोबरमध्ये स्वतःची फीत इन्स्टाग्रामवर ठेवली होती. तिचा चेहरा काढून तेथे अभिनेत्रीचा बसविण्यात आला. या प्रकाराला ‘डीपफेक’ म्हणतात. एखाद्याची पुष्कळ छायाचित्रे पुरविली की संगणक त्या चेहऱ्याचे हसणे, वळणे, पापणी लवणे शिकतो आणि तो चेहरा दुसऱ्याच्या देहावर हुबेहूब चढवितो.

अभिनेत्रीबद्दल सर्वत्र हळहळ व्यक्त झाली, ती रास्तच होती. परंतु त्या दुसऱ्या स्त्रीचे काय? एकीचा चेहरा चोरला गेला, तर दुसरीचा पुसला गेला. जी स्वतःच्या मुद्रेने लोकांपुढे आली होती, तिचा केवळ देह उरला. आपण व्यथित झालो आहोत, असे तिनेही जाहीरपणे सांगितले.

“फीत खोटीच, मग हानी कसली?” असे काहीजण विचारतात. हानी ही की, जिने काहीच केले नाही तिलाच आपले निरपराधित्व सिद्ध करीत फिरावे लागते. दुसरे म्हणतात, “चेहरा चव्हाट्यावर मांडला, तर असे होणारच.” परंतु पाहुण्यांसाठी दार उघडे ठेवणाऱ्याने घर दान केलेले नसते. चित्रफिती तयार करून पोट भरणाऱ्यांना चेहरा दाखविण्यावाचून गत्यंतर नाही. आणि तो जितका अधिक दिसतो, तितके चोराचे काम सोपे होते.

जानेवारी २०२४ मध्ये दिल्ली पोलिसांनी आंध्र प्रदेशातून एका तरुणाला अटक केली. पोलिसांच्या म्हणण्यानुसार तो रश्मिका यांचा चाहता होता. त्यांच्या नावाने आपण चालविलेल्या पानाचे अनुयायी वाढावेत म्हणून त्याने हे केले. मला हेच अधिक अस्वस्थ करते. येथे वैर नव्हते, कौतुक होते. पण ज्या कौतुकाला माणूस नको, केवळ त्याची प्रतिमा हवी, ते प्रेम नव्हे. तो ताबा होय.

खोटी साक्ष हे आपण आजवर जिभेचे पाप मानीत आलो. आता ती एका बोटानेही देता येते. अशी फीत बनविणारा एखादाच असतो, पुढे धाडणारे असंख्य. “मी कुठे बनविली?” हा बचाव त्यांना पुरणार नाही. खोटी आहे हे ठाऊक असूनही ज्याने ज्याने ती पुढे धाडली, त्याने त्या अनोळखी मुलीचा चेहरा पुन्हा एकदा पुसला.