गजांवाचून कैद

1907 साली हांबुर्गनजीक स्टेलिंगेन येथे कार्ल हागेनबेक या जनावरांच्या व्यापाऱ्याने आपले प्राणिउद्यान लोकांस खुले केले, तेव्हा तेथे आलेल्यांना सिंहापुढे गज दिसले नाहीत. सिंहाची झेप किती लांब जाते याचा अदमास घेऊन खोदलेला खंदक मात्र त्यांच्या नजरेआड चोख बंदोबस्त ठेवून होता. या रचनेचे पेटंट त्याने 1896 मध्येच घेतले होते. पुढे पाणपक्षी, मागे चरणारे पशू, त्यामागे सिंह आणि सर्वांच्या वर कृत्रिम पर्वत, असे अखंड दृश्य भासावे अशी ती तजवीज होती, आणि ते दृश्य जुळे ते केवळ प्रेक्षकाच्या जागेवरून. सिंहाला मोकळी हवा व प्रशस्त जागा मिळाली, हे श्रेय मी नाकारीत नाही. परंतु आपली हद्द त्याला पूर्वीइतकीच ठाऊक होती, ती विसरण्याची सवलत मिळाली ती पाहणाऱ्याला. याच हागेनबेकने 1870च्या दशकात उत्तर युरोपातील सामी माणसे रेनडियरांसह हांबुर्गात आणून मांडली होती, आणि लोक त्यांनाही पाहावयास लोटले होते, हे कुतूहलाला निष्पाप मानणाऱ्यांनी ध्यानी घ्यावे.

बर्न, बासेल आणि झ्युरिक येथील प्राणिसंग्रहालयांचा कारभार पाहिलेले स्विस शास्त्रज्ञ हाइनी हेडिगर यांनी 1942 सालच्या आपल्या ग्रंथात दाखवून दिले, की रानातील पशू शत्रूला विशिष्ट अंतरापर्यंतच जवळ येऊ देतो आणि ते ओलांडले जाताच पळतो. हेडिगर संग्रहालयांचे विरोधक नव्हते, म्हणूनच त्यांची साक्ष मला मोलाची वाटते. कैदेत प्रथम हिरावले जाते ते हे अंतर. ज्याला पळण्यास वावच नाही तो कालांतराने पळण्याचा यत्न सोडतो, आणि त्याच्या त्या निरुपायात आपल्याला कधी माणसाळलेपणा दिसतो, कधी आळस, तर त्याच वाटेवरच्या त्याच येरझाऱ्यांत चक्क राजस रुबाब! मुंबईच्या राणीच्या बागेतही आता वाघ आणि मुले यांच्यामध्ये काच आहे. काचेला नाक लावून उभ्या असलेल्या मुलाचा आनंद खरा असतो, पण त्या सान्निध्याला वाघाची संमती कोणी विचारलेली नसते.

पशूला मनास येईल तेव्हा आड होता यावे अशी जागा जेथे राखलेली असते, तेथे पैसे भरून आलेला प्रेक्षक काहीच दिसले नाही अशी तक्रार करतो. ती तक्रार शांतपणे ऐकून घेऊन, तरीही ती झाडी न तोडणारा अधिकारी मला हागेनबेकहून मोठा सुधारक वाटतो.