खोट्या दाव्याचे पाप

दुकानाचा करार संपला तरी खोट्या पावतीच्या जोरावर गाळा अडवून धरणे, ही हिंसा आहे का? महानुभाव पंथाची अहिंसा केवळ जीवहत्येपुरती मानली, तर ती फार तोकडी पडते. अकोल्याचा एखादा दुकानमालक स्थगितीमागून स्थगिती सोसतो, तेव्हा त्याच्या आयुष्याची वर्षेच हिरावली जातात. म्हणून खोटी बाजू मांडणाऱ्यावर लादलेला खर्चाचा दंड हा सूड नव्हे, परतफेड आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ३५अ मध्ये ही भरपाई ३,००० रुपयांवर अडते; २०१५च्या कायद्याने व्यापारी दाव्यांपुरती ती मर्यादा काढली, हे योग्यच झाले.

दंडाच्या धाकाने गरीब पण खरा भाडेकरू कोर्टाची पायरी चढणार नाही, हा आक्षेप वजनदार आहे. मात्र हरणे म्हणजे पाप नव्हे. आपले म्हणणे खोटे आहे हे पक्षकाराला ठाऊक असावे लागते, ही अट त्या कलमातच आहे. दंड पराभवाला नाही, जाणून केलेल्या लबाडीला आहे.