न ऐकलेली दवंडी

दिवाणी कोर्टाचा बेलिफ म्हणून सातारा आणि सांगली या दोन्ही जिल्ह्यांत माझी नोकरी झाली. जप्तीचा हुकूम आला की हलगीवाला बरोबर घ्यायचा, रानात दवंडी द्यायची, हुकुमाची प्रत बांधावर, कोर्टात आणि ग्रामपंचायतीत चिकटवायची, पंचांच्या सह्या घ्यायच्या. भर दुपारी तासगावच्या द्राक्षबागेत ती दवंडी ऐकायला दोन गडी आणि एक कुत्रं. कायदा मात्र धरून चालतो की ती सगळ्यांना ऐकू गेली.

आणि विट्याकडचा गलाईवाला असतो तमिळनाडूत, सोनं गाळत. जत्रेला गावी येतो, जमीन बघतो, पुरा भाव मोजून खरेदीखत करतो. जमीन आधीच जप्त आहे हे त्याला कळतं लिलावाची नोटीस लागल्यावर. दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम 64 सांगतं, जप्तीनंतरची विक्री जप्ती आणणाऱ्या धनकोच्या वसुलीपुढे रद्दबातल. तुम्ही प्रामाणिक होता का, हे कुणी विचारत नाही.

पाप विकणाऱ्याचं, यात वाद नाही. तोटा कुणाचा, हा खरा प्रश्न. धनकोही त्याच माणसावर विश्वास टाकून बसला होता, आणि बऱ्याचदा त्याचीही आयुष्याची पुंजीच गुंतलेली असते.

वाईच्या प्राज्ञपाठशाळेने सिद्ध केलेल्या धर्मकोशाचं व्यवहारकांड निवृत्तीनंतर चाळलं. त्यात ‘अस्वामिविक्रय’ हे स्वतंत्र प्रकरण आहे: ज्याचा हक्क नाही त्याने केलेली विक्री. जप्त जमिनीचा मालक विकणाराच असतो, म्हणून हा दाखला तंतोतंत लागू नाही, पण जवळचा आहे. याज्ञवल्क्याच्या मते वस्तू मूळ मालकाला परत, खरेदीदाराने पैसे विकणाऱ्याकडून घ्यावेत. पण जो गुपचूप, पडेल भावात किंवा अवेळी घेतो, तो चोरच. आपली संहिता जप्तीची तारीख बघते, स्मृती खरेदीची रीत बघते.

मला स्मृतीचा प्रश्न अधिक धर्माचा वाटतो. ‘मला कळलं नाही’ आणि ‘मी विचारलंच नाही’ यांत फार अंतर आहे. निम्म्या भावात बागायत मिळते तेव्हा घेणाऱ्याला आतून कळलेलं असतं. तो फक्त विचारत नाही. अशा माणसाची मला कधी कीव आली नाही. पण ज्याने चौकशी केली आणि सातबाऱ्याच्या इतर हक्कात जप्तीची नोंदच नव्हती, त्याचा तोटा त्याच्याच पदरात घालणं अन्याय आहे. नोंद ठेवणं सरकारचं काम.

तरी वाटा आहेत. खत जप्तीआधी सही झालं असेल आणि नोंदणी नंतर, तरी ते टिकतं. सर्वोच्च न्यायालयाने हम्दा अम्मल खटल्यात 1990 साली तसं ठरवलं. 2002 च्या दुरुस्तीपासून जप्तीआधी नोंदवलेल्या साठेखतालाही संरक्षण आहे. हरकत घ्यायची ती हुकूम 21, नियम 58 खाली, वसुलीची दरखास्त चालू असलेल्या कोर्टातच, आणि लिलाव होण्याआधी. हक्क टिकत नसेल तर डिक्रीची रक्कम कोर्टात भरून जप्ती उठवता येते. मग ती विकणाऱ्याकडून वसूल करायची. तो सापडला तर.

तेव्हा विसार देण्याआधी विकणाऱ्याच्या नावाने ई-कोर्टावर शोध घ्या, ग्रामपंचायतीचा फलक वाचा, शेजारच्या बांधकऱ्याला विचारा. आणि साठेखत केलंत तर त्याच दिवशी नोंदवा.