नेपथ्यकाराचे घर : ‘गर्म हवा’च्या निमित्ताने

रंगमंचावरील भिंत आपण भिंत नसल्याची कबुली देऊनच उभी असते. प्रेक्षकाची संमती हाच तिचा पाया. प्रयोग संपताच ती उतरवली जाते, आणि तिच्या मालकीचा प्रश्न कधी उद्भवत नाही. कॅमेरा मात्र खऱ्या घरात शिरतो. तेथील भिंत संकेत न राहता साक्ष बनू पाहते. त्यामुळे नेपथ्यकार दिग्दर्शक होतो तेव्हा प्रश्न केवळ माध्यमांतराचा उरत नाही. जी जागा त्याने रचली नाही, नुसती निवडली, तिच्या अर्थाचे उत्तरदायित्व कोणाचे, हा त्यातला नैतिक पेच होय.

हिंदुस्तानी थिएटर आणि ‘इप्टा’ यांच्यासाठी नेपथ्य करणाऱ्या एम. एस. सथ्यू यांना ‘हकीकत’ (१९६४) या चित्रपटाच्या कलादिग्दर्शनासाठी फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. (‘वास्तव’ असे नाव मिरवणाऱ्या चित्रपटात नेपथ्यकाराचे कौतुक व्हावे, हा योगायोग बोलका आहे.) पुढे ‘गर्म हवा’ (१९७३) दिग्दर्शित करताना त्यांनी आग्र्यातच चित्रीकरण केले. या चित्रपटाच्या वास्तववादाचे श्रेय समीक्षेने बहुधा स्थळाला दिले. ते अपुरे आहे. साधनांच्या अभावी चित्रीकरण मूक झाले आणि आवाज मागाहून चढवले गेले. म्हणजे घर खरे असले तरी त्यातले बोलणे रचलेलेच होते. साक्षीतही नेपथ्य शिल्लक राहते, ते असे.

तरीही एक फरक मूलभूत आहे. रंगमंचावरील घरातून कोणालाही बेदखल करता येत नाही, कारण ते कोणाचेच नसते. सलीम मिर्झाची हवेली थोरल्या भावाच्या नावावर आहे. तो पाकिस्तानात जाताच ती निष्क्रांत मालमत्ता ठरते. हयात तेथे काढलेली म्हातारी आई निघण्याच्या वेळी लपून बसते. अवकाशाचा अर्थ कागदावरील नावाने ठरतो की तेथील वावराने, हा वाद ती शब्दांवाचून मांडते. पात्राच्या वावराने जागेला अर्थ येतो, हे तर नेपथ्यकाराचे प्राथमिक ज्ञान. सथ्यूंनी ते रंगमंचावरून आणले. पण येथे त्या ज्ञानाला कायद्यापुढे उभे राहावे लागते आणि ते हरते. अखेर मरणासन्न आईला हवेलीत परत आणले जाते, तेही नव्या मालकाच्या परवानगीने. कॅमेराही तेथे परवानगीनेच आलेला असतो.