हरल्यानंतरचा डाव

११ मार्च २०२४, सोमवार. जुन्या शहरात आमच्या गल्लीतल्या ओट्यावर एका मोबाइलभोवती सात-आठ पोरं वाकून बसली होती. वानखेडेवर रणजीची फायनल, समोर मुंबई, आणि विदर्भाच्या संघात आपल्या अकोल्याचे दोघे, अथर्व तायडे आणि आदित्य ठाकरे. आदल्या दिवशी मुंबई २२४ वर आटोपली, तेव्हा याच ओट्यावर नाचले होते सगळे. आता विदर्भ १०५ वर गुंडाळला गेला. "गेली ना बॉ मॅच!" म्हणत एकेक जण चप्पल शोधू लागला.

पुढं विदर्भासमोर ५३८ चं लक्ष्य आलं. रणजी फायनल अनिर्णित राहिली तर पहिल्या डावात आघाडी घेणारा विजेता ठरतो. म्हणजे नुसतं तग धरूनही करंडक मिळणार नव्हता. तरी कर्णधार अक्षय वाडकरनं शतक काढलं, हर्ष दुबेनं ६५ धावा करत साथ दिली. पाचव्या दिवशी जेवणापर्यंत दोघांनी एकही गडी पडू दिला नाही.

कशासाठी? मला आमच्या गल्लीतली एक लेक आठवते. डॉक्टरांनी बापाला घरी न्यायला सांगितलं होतं, आता करण्यासारखं काही नाही म्हणून. तरी ती रोज सकाळी कोमट पाण्यानं त्याचं अंग पुसायची, दाढी करायची, इस्त्रीचा सदरा घालायची. तो सदरा कुणी पाहणार नव्हतं. बाप मात्र शेवटपर्यंत नीटनेटका राहिला. निकाल ठरला म्हणून काम संपत नाही, हे मी तिच्याकडून शिकलो.

फेब्रुवारी २०२५ मध्ये नागपुरात विदर्भानं याच मुंबईला उपांत्य सामन्यात ८० धावांनी हरवलं, मग करंडकही जिंकला. आनंद झाला, फार झाला. पण वाडकरच्या त्या शतकाचं मोल या विजयावरून ठरवायला माझं मन तयार नाही. नागपुरात हरलो असतो, तरी ते शतक तेवढंच मोठं राहिलं असतं.

१४ मार्चला दुपारी पोरं परत ओट्यावर जमली होती. ५ बाद ३५३. मग वाडकर पायचीत झाला, आणि १५ धावांत उरलेला डाव संपला. ३६८. शेवटचा गडी पडेपर्यंत चपलेला कुणी हात लावला नाही.