शांततेचा जामीन

ज्याने अद्याप कोणताही गुन्हा केलेला नाही, त्याच्याकडून पुढे गुन्हा न करण्याबद्दल जामीन मागणे न्याय्य आहे काय? प्रश्न वरवर वकिली वाटेल. पण मुळात तो नीतीचा आहे. न्याय कृतीचा होतो, शंकेचा नव्हे, असे आपण मानतो. उलटपक्षी, तहान लागल्यावर विहीर खणणाऱ्या राज्यास कोणी शहाणे म्हणत नाही. या दोहोंमधून कायद्याने काढलेली वाट म्हणजे 'चॅप्टर केस'. जुन्या फौजदारी संहितेचे १०७ वे कलम २०२३ च्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत १२६ वे झाले. आशय तोच राहिला. शांतताभंगाचा संभव दिसल्यास कार्यकारी दंडाधिकाऱ्याने त्या मनुष्यास कारण विचारावे, आणि चौकशीअंती गरज पटल्यास अधिकात अधिक एक वर्षाचे बंधपत्र घ्यावे.

आमच्या वकिलीतील एक प्रसंग आम्हांस विसरता येत नाही. एका गावी जत्रा चार दिवसांवर आली असता पालखीच्या मानावरून दोन घराण्यांत तंटा उभा राहिला. एका बाजूने पालखी अडविण्याची धमकी दिली. दुसऱ्या बाजूच्या एका वृद्ध गृहस्थांनी त्या धमकीची वर्दी दिली, एवढेच. दंडाधिकाऱ्यांनी चौकशीपूर्वीच उभयपक्षांकडून अंतरिम बंधपत्रे मागितली. सर्वांच्या आदेशांत मजकूर एकच : शांतताभंगाचा संभव आहे. आम्ही म्हणालो, "आबा, सही करा, कागदच तो." ते शांतपणे म्हणाले, "वकीलसाहेब, सही केली तर धमकी देणारा आणि मी एका ओळीत बसलो. मग देवापुढे उभा कसा राहू?" जत्रेची रात्र त्यांनी तुरुंगात काढली. पुढे सत्र न्यायालयाने तो आदेश रद्द केला. पण पालखी केव्हाच राउळात परतली होती. आमचा सल्ला सोयीचा होता, नीतीचा नव्हता, हे आम्हांस तेव्हा कळले.

आबांच्या प्रश्नाचे उत्तर पुढे आम्हांस दोन इंग्रजी निवाड्यांत सापडले. वेस्टन-सुपर-मेअर या समुद्रकाठच्या गावी सॅल्व्हेशन आर्मीची धार्मिक मिरवणूक निघे, आणि 'स्केलेटन आर्मी' म्हणविणारा जमाव ती मोडण्यास धावून येई. स्थानिक न्यायाधीशांनी मिरवणुकीच्या पुढाऱ्यांनाच शांततेसाठी बांधून घेतले. १८८२ साली क्वीन्स बेंचने तो आदेश रद्द केला : दुसरा दांडगाई करील म्हणून कायदेशीर कृत्य करणारा दोषी ठरत नाही. पुढे १९०२ साली लिव्हरपूलच्या एका प्रॉटेस्टंट व्याख्यात्याचे प्रकरण आले. कॅथलिकांची मोठी वस्ती असलेल्या त्या शहरात तो त्यांच्या श्रद्धेची भर रस्त्यात विटंबना करी. त्याच्याकडून घेतलेला जामीन मात्र वरिष्ठ न्यायालयाने कायम ठेवला. कारण त्याच्या वर्तनाचा स्वाभाविक परिणाम दंगा हाच होता. निकाल भिन्न, पण कसोटी एकच : शांतता मोडण्याचे मूळ कोणाच्या वर्तनात आहे?

आपल्याकडे या तरतुदीस सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिले ते मधू लिमये यांनी. गोवामुक्तीसाठी १९५५ साली पोर्तुगीजांचा तुरुंग पत्करणारे तेच मधू लिमये. बिहारातील मुंगेरच्या त्या प्रकरणी सात न्यायाधीशांच्या पीठाने १९७० साली ही तरतूद घटनेस धरून आहे असे ठरविले. पण तिच्या मर्यादाही स्पष्ट केल्या. मिळालेल्या माहितीचा सारांश संबंधितास कळविलाच पाहिजे. आणि चौकशीस आरंभ होऊन त्या माहितीच्या सत्यतेविषयी प्रथमदर्शनी खात्री पटल्याविना अंतरिम बंधपत्र मागता येणार नाही. आबांच्या आदेशात नेमके हेच नव्हते.

दंडाधिकाऱ्यांस घाई असते, हे आम्ही जाणतो. जत्रेत डोकी फुटल्यावर निकालपत्रे काय कामाची? म्हणून तो अधिकार हवाच. परंतु घाईत दोघांस एका दोरीने बांधणे सोपे असते, आणि त्या सोप्या शांततेचे मोल बहुधा निरपराध मनुष्यच देतो. वरिष्ठ न्यायालय आदेश तपासते तेव्हा ते शांततेच्या आड येत नाही. ती कोणाच्या खर्चाने विकत घेतली, एवढेच विचारते.

हा प्रश्न न्यायालयापुरता नाही. देवळाच्या सभामंडपात तंटा मिटविताना आपणही "दोघेही गप्प बसा" म्हणून मोकळे होतो. अशा वेळी क्षणभर थांबून, या दोघांत खरोखर कोणी कोणाची वाट अडविली, हे विचारण्याचे कष्ट आपण घेतो काय?